आतेच्या आईची चटई

बाळांनो,

गेल्या रविवारी फोनवर तुम्हा दोघांचं भांडण मी पूर्ण ऐकून घेतलं आणि निकाल न देताच फोन ठेवला, कारण तो एका वाक्यात देण्यासारखा नव्हता. धाकटोबांचं म्हणणं, लाला म्हणजे झोप. आपल्या घरात झोपताना ‘लाला कर’ असंच म्हणतात, आणि आता तर वर्गातल्या केनियाच्या मुलीनेही सांगितलं की तो त्यांचा शब्द आहे. ताईचं म्हणणं, अजिबात नाही. लाला म्हणजे विणणं. मला चांगलं आठवतंय, तू तेव्हा रांगत होतास, तुला काय कळतंय.

दोघांचंही बरोबर आहे. झोपेचा लाला स्वाहिलीतला, तो माझ्याबरोबर आफ्रिकेतून आला. विणण्याचा लाला सेबूआनो भाषेतला, म्हणजे फिलिपिन्सच्या सेबू बेटावरच्या लोकांच्या भाषेतला. तो तुमच्या आतेबरोबर आला. सिंगापूरला, तोआ पायोहच्या आपल्या भाड्याच्या फ्लॅटमध्ये, हे दोन्ही शब्द एकाच वेळी वापरात होते.

पण एवढंच सांगून थांबले, तर ताईची आठवण अर्धीच राहील. जमिनीवर बसून चटई विणणारी आते तिला आठवते. आते ती चटई का विणत होती, हे तिला ठाऊक नाही. मी ते आजवर सांगितलं नाही, कारण त्यात चूक माझी होती. तुमच्या आईला सगळं माहीत आहे, पण तिने कधी विषय काढला नाही. आता ताई पंधरा वर्षांची आहे, धाकटोबा दहा पुरे करतील आणि मी ऐंशीची झाले. सगळं क्रमाने आठवतंय, तोवर लिहून ठेवते.

आधी माझा लाला. माझा जन्म टांगा नावाच्या गावी झाला. घोड्याचा टांगा नव्हे, पूर्व आफ्रिकेतलं समुद्रकाठचं गाव. माझे वडील तिथे रेल्वेच्या कचेरीत होते. मला सांभाळायला तिथलीच एक बाई होती, तिला आम्ही आया म्हणायचो. दुपारी ती व्हरांड्यात पाय पसरून बसायची, माझं डोकं मांडीला टेकवायची आणि ‘लाला, मटोटो, लाला’ म्हणत राहायची. झोप, बाळा, झोप. तेवढ्या वेळात तिचे हात माडाच्या जातीच्या कसल्याशा पानांच्या पट्ट्यांची लांबच लांब वेणी घालत असायचे. तिथल्या बायका गप्पा मारताना, बाजारात गिऱ्हाइकाची वाट बघताना अशी वेणी घालत बसत आणि ती पुरेशी झाली की शेजारी शेजारी शिवून चटई करत.

आठव्या वर्षी मला पुण्याच्या कॉन्व्हेंटच्या बोर्डिंगात ठेवलं आणि दोन वर्षांत माझी स्वाहिली गेली. उरले ते सातापर्यंतचे आकडे, दोन शिव्या आणि लाला. तुमच्या आईला निजवताना तो शब्द आपसूक तोंडात आला. माझ्या सासूबाई म्हणाल्या, “अगं, गाई गाई म्हण. लाला काय, पेढीवरच्या शेठला हाक मारतेस का?” पण तोवर तुमची आई झोपून गेली होती, त्यामुळे शब्द राहिला.

तुमचे आजोबा गेल्यावर वर्षभराने तुमच्या आईने मला सिंगापूरला बोलावून घेतलं. ताईची बालवाडी होती, धाकटोबा पोटात होते, आणि तुमचे आईबाबा दोघंही सकाळी आठला घर सोडत. मी एकतीस वर्षं कॉलेजच्या ग्रंथालयात काढली होती. पुस्तकं नीट लावणं, फाटलेली बाइंडरकडे पाठवणं, तो कडा कापून, पुठ्ठा चढवून देई ती तपासून घेणं, हे माझं काम. निवृत्त झाल्यावर तीच शिस्त मी घराला लावली. आपल्या फ्रिजवर वेळापत्रक असे. डाळींच्या डब्यांवर चिठ्ठ्या असत, मराठीत आणि इंग्रजीत.

आते आपल्याकडे घरकामाला आणि मुलं सांभाळायला, सेबूहून, माझ्या आधी महिनाभर आली होती. तिशीची असेल. तिच्याकडे मोठ्या बहिणीला आते म्हणतात, म्हणून ताई तिला आते म्हणू लागली. नाशिकच्या तुमच्या खऱ्या आत्याने फोनवर विचारलं, “तिला आते, मग मला काय म्हणणार गं?”

ताई सिंगापूरकरांसारखा शेवटी ‘लाह’ लावून म्हणाली, “यू आर फोनवाली आत्या, लाह.”

आतेची स्वतःची मुलगी ताईच्याच वयाची, पाच वर्षांची. ती गावी आतेच्या आईजवळ असे. धाकटोबा जन्मून आठवडा झाला होता, तेव्हाची गोष्ट. मी तुला पायांवर घेऊन ‘लाला कर रे राजा’ म्हणत होते. आते कपड्यांच्या घड्या घालत होती. ती थांबली.

“मॅम, याला काय विणायला सांगताय?”

मी तिला माझा शब्द समजावला, तिने मला तिचा. आम्ही इंग्रजीत बोलायचो, तिचं वेगळं, माझं वेगळं. ती म्हणाली, “आमच्याकडे लाला म्हणजे चटई विणणं. माझी आई दिवसभर तेच करते. माझ्या मुलीसाठी एक करतेय आत्ता, तिला मोठेपणीही पुरेल एवढी.” आणि हसत हसत तुझ्या मुठीत तिने लंगोटाचं टोक दिलं. “विण, सर.”

दोन दिवसांनी तिची आई गेली. सकाळी चूल पेटवताना पडली आणि पुन्हा उठली नाही.

तुमच्या आईचं सिझेरियन झालं होतं, ताईला खोकला होता. तुमची आई आतेला म्हणाली, “तू जा, मी तिकीट काढते.” आते म्हणाली, “नको मॅम, बाळ लहान आहे, मी नंतर जाईन.” आम्ही दुसऱ्यांदा आग्रह केला नाही. करायला हवा होता, हे तुमच्या आईला आणि मला दोघींनाही माहीत होतं, आणि आम्ही दोघी गप्प बसलो. तिकडे मातीचं सगळं तिच्या भावाने आणि मावशीने केलं.

गणपतीच्या सुमारास आतेची एक चुलतबहीण कामासाठी सिंगापूरला आली. तिच्याबरोबर मावशीने एक गुंडाळी पाठवली होती. आतेने ती आपल्या खोलीत कपाटामागे उभी करून ठेवली. त्या गुंडाळीत काय आहे हे मला बऱ्याच उशिरा कळलं, पण तुम्हाला आत्ताच सांगते. ती आतेच्या आईने विणायला घेतलेली तीच चटई होती. अर्ध्याहून थोडी जास्त झालेली. आतेला ती आईच्या वर्षश्राद्धापर्यंत पुरी करायची होती. त्यांच्यातही वर्षाने सगळे जमतात, प्रार्थना करतात, जेवतात आणि सुतक संपवतात. फेब्रुवारीत त्या दिवसासाठी तिला रजा मिळणार होती. पुऱ्या झालेल्या चटईवर आईचा फोटो ठेवायचा आणि मग ती मुलीला द्यायची, असं तिने ठरवलं होतं. आईच्या अंत्यविधीला जाता आलं नव्हतं. निदान तिचं राहिलेलं काम तरी आपल्या हातून पुरं व्हावं, एवढंच तिला हवं होतं.

यातलं ती काही बोलली नाही. मीही विचारलं नाही.

दिवाळीची साफसफाई मी नेहमीच्या यादीप्रमाणे काढली. आते तुम्हा दोघांना घेऊन खालच्या मैदानात गेली होती. तिच्या खोलीतली जळमटं काढताना गुंडाळी हाताला लागली. धूळ झटकावी म्हणून मी ती दिवाणखान्यात उलगडली. केवड्याच्या जातीच्या पानाची, राखाडी पिवळसर, बारीक चौकड्यांची सुरेख चटई. तीन बाजूंच्या कडा वळवून बंद केलेल्या. चौथ्या बाजूला मात्र लांब लांब पट्ट्या सुट्या लोंबत होत्या. कुठली दोन हात, कुठली दीड, काही एकमेकींत गुंतलेल्या.

मला वाटलं, ही झालर आहे आणि प्रवासात विस्कटली आहे.

मी मोठी कात्री आणली. फूटपट्टी आणली. बाइंडर कडा कापतो तशी, वीतभर ठेवून, सगळी झालर एका रेषेत कापली. कापलेलं गोळा करून स्वयंपाकघरातल्या शूटमध्ये, म्हणजे कचरा थेट तळमजल्यावर नेणाऱ्या नळकांड्यात, टाकलं. चटई पुन्हा गुंडाळली आणि दिवाळीच्या फराळाच्या डब्यांसाठी आणलेली लाल रिबीन तिला बांधली. काम चांगलं झालं म्हणून मी खूश होते, हे लिहायलाच हवं.

आते परत आली. मी म्हटलं, “बघ, तुझी चटई नीट करून ठेवलीय.”

तिने धाकटोबांना खाली ठेवलं. गुंडाळी हातात घेतली. रिबीन सोडली नाही, नुसता कापलेल्या टोकांवरून अंगठा फिरवला.

“थँक यू, मॅम,” ती म्हणाली आणि बाळाचं दूध गरम करायला आत गेली.

थोड्या वेळाने ताई माझ्याजवळ आली. “आजी, आते इज क्राइंग. बाथरूममध्ये. तिने नळ सोडलाय, पण मला ऐकू येतंय.”

संध्याकाळी तुमच्या आईने आतेला खोलीत नेऊन विचारलं आणि बाहेर येऊन माझ्यासमोर बसली.

“आई, ती चटई पुरी झालेली नव्हती.”

“मग ती झालर?”

“झालर नव्हती ती. त्या पट्ट्यांचीच पुढची चटई व्हायची होती.” मग तिने मला सगळं सांगितलं, फेब्रुवारीपर्यंतचं. “तू तिला विचारलं का नाहीस?”

“मला वाटलं…”

“हो. तुला वाटलं.”

दुसऱ्या दिवशी सकाळी सहाला खाली गेले, आपल्या ब्लॉकच्या मागे, जिथे शूटचा कचरा पडतो तिथे. सफाई करणारा बांगलादेशी माणूस झाडत होता.

“आंटी, गाडी तो चली गई. सोना गिरा क्या?”

“नहीं. पत्ते थे.”

त्याने माझ्याकडे नीट पाहिलं आणि पुन्हा झाडू लागला.

मग मी आतेची माफी मागितली. मनात वाक्यं जुळवून, ग्रंथालयातून पत्र पाठवावं तशी, स्वच्छ इंग्रजीत. ती ओट्यापाशी उभी होती. “इट्स ओके, मॅम. तुम्हाला माहीत नव्हतं.” एवढंच. माझ्या घरात काम करणाऱ्या बाईला यापेक्षा वेगळं काय म्हणता येणार होतं? ती चिडली असती तर मला बरं वाटलं असतं, आणि मला बरं वाटावं ही काही तिची जबाबदारी नव्हती.

मी विचारलं, “आता किती करता येईल?”

तिने चटई उलगडली. वीतभर पट्ट्यांमध्ये फक्त कड वळवून बंद करता येणार होती. अजून दोन हात विणायचं राहिलं होतं. “एवढीवर बाळ झोपेल,” ती म्हणाली. “मुलीला पुढच्या वर्षी पुरणार नाही.”

आपल्याच व्हरांड्यात, दोन दारं सोडून, एक मलय आजीबाई राहायच्या. सगळे त्यांना मकचिक म्हणत, म्हणजे मावशी. तुम्हाला त्या केळीच्या पानातली गोड वडी द्यायच्या. त्यांच्या घरी एक जुनी चटई मी दारातून पाहिली होती. एरवी न कळवता कुणाकडे जायची मला सवय नाही, पण त्या दिवशी मी आतेला बरोबर घेऊन, चटई काखेत मारून गेले.

मकचिकने टोकं पाहिली. “हे कुणी कापलं?”

“मी.”

“नवऱ्यावर राग होता?”

“नवरा नाही आता.”

“मग सुनेवर?”

“मला सून नाही.”

“मग कापलंस कशाला, लाह?”

आते हसली. चटई कापल्यापासून पहिल्यांदा. मग तिने मकचिकला सांगितलं की आई लाला करायची, मलाही थोडं येतं. मकचिक म्हणाली, “लाला? लाला तर मी मिरची घालून खाते.” सिंगापूरच्या हॉकर सेंटरमध्ये, खाण्याच्या गाळ्यांवर, एका जातीच्या शिंपल्यांना लाला म्हणतात. तुमच्या बाबांना ते फार आवडत. म्हणजे ताई, तुमच्या भांडणाला आणखी एक पक्ष आहे.

हसणं झाल्यावर मकचिकने चटई मांडीवर घेतली आणि नखाने एक पट्टी उचलून दाखवली. सांधता येतं, म्हणाली. तिची आई जुन्या चटयांत नव्या पट्ट्या घालायची. जुन्या पट्टीखाली नवी पट्टी चार घरं आत खुपसायची, दोन्ही एकीसारख्या धरायच्या आणि पुढे विणत जायचं. विणीचा दाबच ती धरून ठेवतो.

मी विचारलं, “आत थोडी खळ लावली तर? पुस्तकाला लावतात तशी?”

“खळ लावलीस तर तुझ्या आधी मुंग्या झोपतील तिच्यावर.”

पान कुठून आणायचं, हा प्रश्न होता. मकचिकची बहीण जोहोरला, पुलापलीकडे मलेशियात, राहायची. तिच्या घरामागे पाणथळीत ही झुडपं होती. काटे काढायचे, पान चिरून पट्ट्या करायच्या, भिजवायच्या, उन्हात वाळवायच्या, बांबूने घासून मऊ करायच्या. डिसेंबरच्या सुरुवातीला मकचिक बसने जाऊन एक भारा घेऊन आली. पैसे विचारले तर म्हणाली, दिवाळीची चकली अजून शिल्लक आहे का ते बघ.

आतेने पट्टी नाकाशी नेली. “हे आमच्याकडचं नाही,” असं हळूच म्हणाली आणि भारा कपाटामागे ठेवून दिला.

आठवडा गेला. पंधरा दिवस गेले. मी एक शब्द बोलले नाही, आणि तुम्ही मला ओळखता, ते मला किती जड गेलं असेल ते कळेल. फेब्रुवारी जवळ येत होता. जोहोरचं पान लावलं तर ती आईची चटई राहील का, असं तिला वाटत होतं. हे मला तिने नाही, तुमच्या आईने सांगितलं.

शेवटी तिने मावशीला विचारलं. रविवारी आपल्या आयपॅडवर, दिवाणखान्यात, आमच्यादेखत. त्यांचं बोलणं मला कळत नव्हतं. मावशी बराच वेळ जोरजोरात बोलली आणि आते तोंडावर हात ठेवून ऐकत राहिली. फोन ठेवल्यावर तिने सांगितलं, “मावशी म्हणते, तुझ्या आईचं पान तरी कुठे स्वतःच्या अंगणातलं होतं? शेजारणीच्या कुंपणातलं, न विचारता तोडलेलं. ती जिवंत असती तर तिने हेही उचललं असतं.”

दुसऱ्या दिवशी दुपारी तिने भारा सोडला.

जेवणं झाली की दीड ते साडेतीन आम्ही दिवाणखान्यात बसू लागलो. वेळापत्रकात त्या चौकटीत मी ‘लाला’ लिहिलं, दोन्ही अर्थांनी, कारण तीच धाकटोबांची झोपेची वेळ होती. पहिले दोन दिवस मकचिक येऊन बसली आणि पाच-सहा सांधे करून दाखवले. पुढे आतेला आपलं आपण जमू लागलं. माझ्याकडे ओलं फडकं दिलं होतं. पट्ट्या कोरड्या पडल्या की तुटतात, म्हणून त्या सारख्या पुसायच्या. मग मी रुंदीप्रमाणे पट्ट्यांच्या जुड्या लावल्या, आणि ते काम मात्र आतेलाही पसंत पडलं. कात्रीला मी त्या दिवसांत हात लावला नाही. कोथिंबीरही हाताने तोडत होते.

ताई, तुला जे आठवतं ते या दुपारींमधलं. तू शाळेतून येऊन शेजारी बसायचीस आणि उरलेल्या तुकड्यांच्या अंगठ्या करायचीस. एके दिवशी धाकटोबा झोपायला तयार होईनात. रांगत रांगत आले आणि नेमके चटईच्या जुन्या भागावर, आतेच्या आईने विणलेल्या भागावर, पालथे पडून झोपले. मी उचलायला उठले.

“राहू दे मॅम,” आते म्हणाली. “त्याच्यासाठीच असते ती.”

मग ती दुसऱ्या टोकाला पट्ट्या न ओढता, अगदी हलक्या हाताने विणत राहिली. त्या दिवशी जेमतेम चार बोटं काम झालं. ताईने विचारलं, “आते लाला करतेय की बाळ लाला करतंय?” कुणी उत्तर दिलं नाही, कारण बाळ जागं झालं असतं. मला माझ्या आयाचा चेहरा आठवत नाही, कधीच आठवला नाही. पण त्या दुपारी तिचे हात आठवले. माझ्या डोक्याला धक्का लागू नये म्हणून कोपरं अंगाशी धरून ती वेणी घालायची. तोवर माझ्या हे लक्षात आलं नव्हतं.

जानेवारीच्या अखेरीस आतेने मला एक ओळ विणायला दिली. एक वर, एक खाली, दिसायला सोपं. मला पाऊण तास लागला. दुसऱ्या दिवशी पाहिलं तर ती ओळ उसवून पुन्हा विणलेली होती. दोन दिवसांनी तिने पुन्हा एक ओळ दिली. तीही उसवली, तिसरीही. चौथी ओळ तशीच राहिली. बरी झाली म्हणून राहिली की तिला वेळ उरला नव्हता म्हणून, ते मला माहीत नाही.

पट्ट्या तुटल्या, काही वाया गेल्या. दोन हातांऐवजी दीडच हात झाली आणि भारा संपला. मकचिकने बहिणीला पुन्हा विचारलं असतं, पण वाळवायलाच आठवडे लागतात. विमानाच्या आदल्या दिवशी दुपारी आतेने चौथी कड वळवून बंद केली. चटई तिच्या आईने योजली होती त्याहून अर्धा हात आखूड झाली. जुना भाग राखाडी, नवा हिरवट पिवळा, आणि मध्ये सांध्याची आडवी रेघ लांबूनही दिसणारी. आतेने ती जमिनीवर पसरली. मग तिच्यावर आडवी झाली. तिचे पाय पोटऱ्यांपासून फरशीवर होते.

“आखूड आहे,” मी म्हटलं.

“हो,” ती म्हणाली. तिने ‘इट्स ओके’ म्हटलं नाही. मला ते बरं वाटलं.

गुंडाळी मी बांधायला घेतली तर म्हणाली, “द्या, मी बांधते, लोला.” लोला म्हणजे आजी. तोवर मी मॅम होते.

ती दोन आठवड्यांनी परत आली. धाकटोबांचा पहिला वाढदिवस तेवढ्यात होऊन गेला होता, तिच्यासाठी केकचा तुकडा फ्रीजरमध्ये होता. तो खाता खाता तिने सांगितलं. फोटो चटईवर ठेवला. सगळे जमले, जेवले. नंतर मावशीने डोळे मिटून चटईवरून हात फिरवला आणि बोट ठेवून सांगितलं, इथपर्यंत ती. इथून तू. आणि मग एका ठिकाणी थांबून म्हणाली, “हे कुणी केलंय, कोंबडीने?”

“मी सांगितलं, लोलाने. मावशी म्हणाली, आण, उसवून नीट करते. मी नाही करू दिलं.”

“का नाही? करू द्यायचं की.”

“सांधे ढिले झाले असते,” आते म्हणाली आणि केकची बशी धुवायला उठली. तेच कारण असेल, असं मी मानते.

त्या रात्री ती आणि तिची मुलगी चटईवर एकत्र झोपल्या होत्या, आतेचे पाय जमिनीवर.

तुम्ही टोरोंटोला गेलात तोवर आते आपल्याकडेच होती. तुम्ही गेल्यावर ती गावी परतली आणि आता तिथेच असते. तुम्हाला लिहायचं ठरलं तेव्हा सोमवारी मी तिला मेसेज करून चटईचं विचारलं. त्याच दिवशी उत्तर आलं आणि सोबत फोटो. तिची मुलगी ताईएवढीच उंच झाली आहे आणि रोज त्या चटईवर झोपते. तिचे पाय बाहेर राहतात. एक कोपरा उंदराने खाल्ला आहे. वापरून वापरून दोन्ही भागांचा रंग आता सारखाच तपकिरी झाला आहे, त्यामुळे जोड कुठे आहे ते हात फिरवल्याशिवाय सांगता येत नाही.

सांधा एकही सुटलेला नाही.